नावाची शहानिशा

गेल्या पावसाळ्यात एका माजी विद्यार्थिनीचा फोन आला. "सर, जयभीम. रविवारी बाळाचे नामकरण आहे. मामंजी म्हणतात, राहुल ठेवायचे. पण नणंदेने मोबाइलवर पाहिले तर राहुल म्हणजे बेडी, अडथळा असा अर्थ निघाला. दुसऱ्या यादीत पाहिले तर 'सर्व दुःखांवर विजय मिळवणारा' असे लिहिलेले. घरात दोन तट पडलेत. खरे कोणते?" आपल्या वसतिगृहात असताना ही मुलगी इतिहासाच्या तासाला "सर, पुरावा काय?" असे हमखास विचारत असे. तिला ठोकून दिलेले उत्तर चालले नसते. मी तिच्याकडे दोन दिवसांची मुदत मागितली. प्रस्तुत लेख त्या दोन दिवसांतून निघाला आहे.

आपल्या समाजात नामकरण हा विधी साधा आणि देखणा आहे. बुद्धमूर्तीपुढे व बाबासाहेबांच्या प्रतिमेपुढे मेणबत्ती लागते, त्रिशरण-पंचशील होते, भन्तेजी किंवा बौद्धाचार्य नाव जाहीर करतात. नक्षत्राचे अक्षर नाही, रास नाही, मुहूर्त नाही. (लपून पंचांग पाहणारी घरे मला ठाऊक आहेत, पण तो विषय दुसऱ्या लेखाचा.) पंचांगाच्या जागी आता मोबाइलवरील नावांची यादी आली आहे. पंचांग सांगणारा निदान समोर तरी बसलेला असे, "हे कशावरून?" असे त्याला विचारता येत असे. यादी कोणी केली, कोणत्या ग्रंथावरून केली, हे कळायला मार्ग नसतो. केसपुत्त येथे कालामांना तथागतांनी सांगितले होते की ऐकीव आहे, परंपरेने आले आहे, ग्रंथात आहे एवढ्यावरून काही मान्य करू नका. ती कसोटी यादीलाही लागू होते, आणि आपण स्वतः मुलांना अभिमानाने सांगत आलेल्या गोष्टींनाही. या दुसऱ्या भागाची सुरुवात मी माझ्याच चुकीपासून करतो.

अनेक वर्षे मी वर्गात असे शिकवीत असे: आपल्या आजोबा-पणजोबांची नावे धोंड्या, दगडू, कचरू अशी होती, कारण मनुस्मृतीने तशी आज्ञा केली होती. मनुस्मृतीच्या दुसऱ्या अध्यायातील एकतिसावा श्लोक खरोखरच असे सांगतो की ब्राह्मणाचे नाव मंगलवाचक, क्षत्रियाचे बलवाचक, वैश्याचे धनवाचक आणि शूद्राचे निंदावाचक असावे. पुढचा श्लोक शूद्राच्या नावाला सेवकत्व सुचविणारे पद जोडावयास सांगतो. २५ डिसेंबर १९२७ रोजी महाडला या ग्रंथाचे दहन झाले, ते उगाच झाले नाही. एवढे सांगून मी फळ्यावर बाण काढीत असे: श्लोकाकडून थेट 'धोंड्या'कडे.

एकदा गृहभेटीला गेलो असता एका विद्यार्थ्याच्या पणजीने तो बाण पुसून टाकला. नातवंडाने शाळेत शिकलेले तिला सांगितले होते. ती म्हणाली, "सर, माझा सासरा धोंड्याच्या महिन्यात झाला, म्हनून धोंडीबा. पाटलाच्या वाड्यातबी एक धोंडीबा व्हताच की. पर त्याला समदे धोंडीबा पाटील म्हनायचे, आन् माझ्या सासऱ्याला 'ए धोंड्या'."

घरी येऊन मी विचार करीत बसलो. म्हातारीचे म्हणणे तपासता येण्याजोगे होते. अधिक महिन्याला आपल्याकडे धोंडा म्हणतात हे मराठवाड्यात पोराटोरांना ठाऊक आहे. त्या महिन्यात जन्मलेल्यांना धोंडू, धोंडी, धोंडाबाई ही नावे सर्व जातींत पडत. महर्षी कर्वे यांचे नाव धोंडो केशव. १९५८ साली त्यांना भारतरत्न मिळाले. ते चित्पावन ब्राह्मण होते. मूल जगत नसेल तर दृष्ट लागू नये म्हणून दगडू, कचरू, भिका असे नाव ठेवण्याची चालही एका जातीची नव्हती. तेव्हा 'हे नाव म्हणजे मनूची आज्ञा' हे माझे विधान पुराव्यापुढे टिकत नव्हते. ग्रंथात नियम सापडला म्हणजे प्रत्येक व्यवहार त्या नियमातूनच निघाला असे ठरत नाही, हे मी एम. ए.ला शिकलो होतो आणि वर्गात विसरलो होतो.

परंतु त्या बाईने जातीचा जाच नाकारला नव्हता. तिने त्याची नेमकी जागा दाखविली होती. तेच नाव ब्राह्मणाच्या घरी धोंडोपंत होई, पाटलाच्या घरी धोंडीबा पाटील होई, आणि महारवाड्यात त्याचा धोंड्या होई. शब्द सर्वांचा होता, हाक निराळी होती. अपमान शब्दकोशात शोधू गेल्यास सापडणार नाही. तो शोधावा लागतो गावच्या बोलण्यात, पाटील-कुलकर्ण्यांच्या दप्तरात, शाळेच्या पटावर. कोरेगावच्या स्तंभावर १ जानेवारी १८१८ च्या लढाईतील मृतांची नावे आहेत. त्यांतील अनेकांच्या शेवटी 'नाक' हे पद आहे. हे पद नावाला लागले की ऐकणाऱ्याला जात कळे. या 'नाक'चे मूळ कोणी 'नाग'मध्ये पाहतो, कोणी 'नायक'मध्ये. केवळ उच्चार जुळतो म्हणून यांपैकी एकही मी आता मुलांना सिद्ध गोष्ट म्हणून सांगत नाही.

आणि ज्या नावांत अपमान शब्दातच होता, तीही होती. मुलगी नको म्हणून 'नकुशी'. ते नाव आपल्या काळापर्यंत आले. २०११ साली सातारा जिल्ह्यात अशा अडीचशेहून अधिक मुलींना समारंभपूर्वक नवी नावे देण्यात आली. तेथे अर्थाची शहानिशा करण्याची गरज नव्हती. त्या मुलींना तो अर्थ पाठ होता.

१४ ऑक्टोबर १९५६ नंतर आपल्या घरांतील नावे बदलली. शाळेचा प्रवेश-निर्गम रजिस्टर हा इतिहासाच्या शिक्षकाला फार बोलका दस्तऐवज वाटतो. आजोबांच्या पिढीतील कचरू, किसन, लक्ष्मण, मारोती. वडिलांच्या पिढीतील सिद्धार्थ, गौतम, मिलिंद, अशोक, राहुल, सुजाता, विशाखा, संघमित्रा. आणि आताच्या पटावर सम्यक, अर्हत, तथागत, प्रज्ञाशील आणि त्यांच्या शेजारी आरव, रियांश. दीक्षाभूमीवर जे घडले ते या रकान्यांत घरोघर उतरले आहे. ही नावे निवडणाऱ्या बहुतेकांना अक्षरओळख नव्हती. कोणी गायकाच्या तोंडून ऐकले, कोणी सभेत, कोणी मुंबई-नागपूरहून आलेल्या नातेवाइकाकडून. त्यांनी शब्दाचा अर्थ विचारून नाव ठेवले नाही, तर हा माणूस कोण होता ते विचारून ठेवले. नावाचा अर्थ तपासताना हा भेद मला फार उपयोगी पडला. शब्दाचा अर्थ एक, ज्याच्यावरून नाव ठेवले त्या व्यक्तीची ओळख दुसरी. याद्या पहिला अर्थ देतात, तोही पुष्कळदा चुकीचा, आणि दुसऱ्याचा पत्ताच नसतो.

'मिलिंद' घ्या. कोणतीही यादी 'भुंगा' असे सांगेल. ते चूक नाही. संस्कृत कोशांत मिलिंद म्हणजे भ्रमर असा शब्द आहे. पण आपल्या घरांतील मिलिंद भुंग्यावरून आलेले नाहीत. इसवी सनापूर्वी दुसऱ्या शतकात वायव्येकडे मिनांडर नावाचा ग्रीक राजा होऊन गेला. सागल ही त्याची राजधानी, म्हणजे आजचे सियालकोट. त्याची नाणी सापडतात. त्यांच्या एका बाजूला ग्रीक लेख आणि दुसऱ्या बाजूला खरोष्ठी लिपीतील प्राकृत लेख असतो. पाली 'मिलिंदपञ्ह' या ग्रंथात हाच मिनांडर 'मिलिंद' होऊन येतो आणि भिक्खू नागसेन यांना प्रश्नांवर प्रश्न विचारतो. बाबासाहेबांनी १९५० मध्ये त्या वेळच्या औरंगाबादेत पीपल्स एज्युकेशन सोसायटीचे महाविद्यालय काढले. त्याला मिलिंदाचे नाव मिळाले आणि परिसराला नागसेनवन हे नाव मिळाले. प्रश्न विचारणारा राजा महाविद्यालयाला दिला आणि उत्तर देणारा भिक्खू परिसराला. मराठवाड्यातील आपल्या शिकलेल्या पहिल्या पिढीतील कितीतरी जण त्या आवारातून बाहेर पडले आणि त्यांनी मुलांची नावे मिलिंद ठेवली. म्हणजे हट्ट्याजवळच्या एखाद्या वस्तीवरील मिलिंदाचे नाव मूळचे ग्रीक आहे. हे ऐकून वर्गातला एक मिलिंद आठवडाभर छाती काढून फिरत होता.

'गौतम' या नावाने मला अधिक वेळ घेतला. याद्यांत 'अंधार दूर करणारा' असा अर्थ आढळतो. 'गो' म्हणजे प्रकाशकिरण आणि 'तम' म्हणजे अंधार अशी त्याची फोड करतात. व्याकरणाने पाहिले तर 'गोतम' यातील 'तम' हा प्रियतम, श्रेष्ठतम यांतल्यासारखा श्रेष्ठत्व दाखविणारा प्रत्यय आहे, आणि 'गो' म्हणजे साधा गाय-बैल. गोतम हे ऋग्वेदातील एका ऋषीचे नाव. गौतम म्हणजे त्या गोतमाच्या कुळातला. शाक्यांचे गोत्र ते होते, म्हणून त्यांना लोक 'समण गोतम' म्हणत, आणि म्हणून त्यांचा सांभाळ करणारी मावशी महाप्रजापती 'गोतमी'. आपल्यातील काहींना हे रुचत नाही. तथागतांच्या नावात वैदिक ऋषी कशाला, असे एका सभेत मला सुनावण्यात आले. पण आपल्याला रुचते म्हणून 'अंधार दूर करणारा' हे खरे धरणे आणि दुसऱ्यांना रुचते म्हणून त्यांनी त्यांच्या पोथीतील भाकडकथा खऱ्या धरणे, यांत मला फरक करता येत नाही.

शिवाय नाव गोत्राचे असले तरी त्याची ओळख गोत्राने राहिली नाही. नाशिकच्या लेण्यांत सातवाहन राजा गौतमीपुत्र सातकर्णी याची आई गौतमी बलश्री हिचा लेख आहे. तेथे राजा आईच्या नावाने ओळखला जातो. आणि आमच्या पिढीतील मराठवाड्याच्या माणसाला 'गौतम' म्हटले की आणखी एक नाव आठवते: नांदेडचे गौतम वाघमारे. विद्यापीठाच्या नामांतरासाठी त्यांनी १९९३ साली स्वतःला पेटवून घेतले. विधिमंडळाचा ठराव २७ जुलै १९७८ चा आणि नामविस्तार झाला १४ जानेवारी १९९४ रोजी. मधल्या सोळा वर्षांत एका नावासाठी या भागात घरे जळाली, माणसे मारली गेली. त्यानंतरही 'नावात काय आहे' असे कोणी आम्हाला विचारू नये.

अशोकाचे नाव हा तर पुराव्याचा आदर्श धडा आहे. जेम्स प्रिन्सेपने १८३७ च्या सुमारास ब्राह्मी लेख वाचले तेव्हा त्यांत 'देवानंपिय पियदसि' एवढेच येत होते. हा राजा कोण, याचे उत्तर सिंहलच्या बौद्ध ग्रंथांवरून मिळाले. म्हणजे अशोक हे नाव ग्रंथात होते, शिळेवर नव्हते. शिळेवरचे नाव सापडले १९१५ साली मस्की येथे. मस्की त्या वेळी निजामाच्या हैदराबाद संस्थानातील रायचूर जिल्ह्यात होते. आपला वसमत तालुकाही तेव्हा त्याच संस्थानात, परभणी जिल्ह्यात होता. हिंगोली जिल्हा वेगळा झाला तो १ मे १९९९ रोजी. म्हणून मी मुलांना सांगतो की अशोकाचे नाव शिळेवर पहिल्यांदा वाचले गेले ते आपल्याच जुन्या संस्थानात. 'अशोक' म्हणजे ज्याला शोक नाही. हा अर्थ यादीही बरोबर देते.

आता आजच्या आवडत्या नावाकडे. 'आरव' हे नाव गेल्या दहा-पंधरा वर्षांत सर्व समाजांत पसरले आहे, आणि याद्यांत त्याचा अर्थ 'शांत' असा असतो. संस्कृतात 'रव' म्हणजे आवाज आणि 'आरव' म्हणजे मोठा आवाज, ओरडा, गलका. 'अरव' असते तर निःशब्द असा अर्थ लागला असता. एका मात्रेने शांतीचा गोंगाट झाला. आमच्या पहिलीतील आरव मात्र कोशाप्रमाणे वागतो, एवढी शिक्षकी साक्ष मी देऊ शकतो. 'रियांश'च्या नावापुढे 'सूर्यकिरण' वगैरे लिहिलेले असते. संस्कृत, पाली, प्राकृत यांपैकी कोणत्याही कोशात तसा शब्द नाही. ध्वनी गोड वाटतो म्हणून नाव ठेवावे, त्यात काही वावगे नाही. खोटा अर्थ चिकटवून त्याला प्राचीन ठरवू नये, एवढेच.

येथे एक सूक्ष्म गोष्ट सांगितली पाहिजे, नाहीतर आपण शहाणपणाच्या भरात जुन्या आचार्यांवर अन्याय करू. 'अर्हत' हा शब्द 'अर्ह्' या धातूपासून आला आहे. अर्थ, योग्य, पूज्य. पण आचार्य बुद्धघोषांनी त्याचे 'शत्रूंना मारणारा' असेही विवरण केले आहे. शत्रू म्हणजे राग, द्वेष, मोह. 'तथागत' या शब्दाची तर अट्ठकथेत आठ स्पष्टीकरणे आहेत. ही भाषाशास्त्रातील व्युत्पत्ती नव्हे. शब्दाच्या आधाराने धम्म समजावून देण्याची ती जुनी अध्यापनपद्धती होती, आणि एकापुढे एक आठ अर्थ ठेवणाऱ्या आचार्यांना ते चांगले माहीत होते. त्यांचा अर्थ सांगायचा तर 'अट्ठकथेत असे विवरण आहे' असे म्हणून सांगावा. शब्दाचे मूळ विचारले तर मूळ सांगावे.

व्यक्ती कोण, हा प्रश्न न विचारल्याने होणारे घोटाळेही थोडे नाहीत. मैत्री भावनेवरून आले असे समजून मुलीचे नाव 'मैत्रेयी' ठेवतात. मैत्रेयी ही बृहदारण्यक उपनिषदातील याज्ञवल्क्याची पत्नी. मोठी बुद्धिमान स्त्री होती, नाव अवश्य ठेवावे, पण कोणाचे ठेवले ते ठाऊक असावे. 'महेंद्र' म्हणजे शब्दशः थोर इंद्र, आणि तरीही सिंहलला धम्म नेणाऱ्या महिंद थेरांमुळे ते आपले नाव आहे. 'सिद्धार्थ' हे जैनांचेही तितकेच, कारण महावीरांच्या पित्याचे नाव सिद्धार्थ होते. 'विशाखा' नक्षत्रही आहे आणि श्रावस्तीत पूर्वाराम विहार बांधून देणारी उपासिकाही. 'सुजाता' हे नाव तर मला दीर्घकाळ सलत होते. सु-जाता म्हणजे चांगल्या कुळात जन्मलेली. जन्माने कोणी श्रेष्ठ होत नाही असे ज्यांनी सांगितले, त्यांच्या उपासकांनी मुलीला कुलीन म्हणावे काय? पण नाव ठेवणाऱ्याच्या मनात कुळ नव्हते. उरुवेलेला, उपवासाने खंगलेल्या सिद्धार्थाला खीर देणारी बाई होती. शब्दाने एक सांगावे आणि व्यक्तीने ते मागे टाकावे, असे नावांच्या बाबतीत वारंवार घडते.

याचा सर्वांत मोठा दाखला सोपाक थेरांचा. सोपाक म्हणजे श्वपाक. जातीचे नाव, तेही तुच्छतेचे: कुत्रे शिजवून खाणारा. बाबासाहेबांनी 'बुद्ध आणि त्यांचा धम्म' या ग्रंथात अस्पृश्यांच्या धम्मदीक्षेच्या प्रकरणात सोपाकाची कथा घेतली आहे. संघात आल्यावर त्याचे नाव बदलले नाही. थेरगाथेत ते थेर सोपाक याच नावाने आहेत.

मग प्रश्न असा येतो की नाव बदलावे कशाला आणि अर्थ तपासावा तरी कशाला. हा प्रश्न पाली साहित्याने स्वतःच विचारला आहे. नामसिद्धि जातकात तक्षशिलेतील 'पापक' नावाच्या विद्यार्थ्याची गोष्ट आहे. नाव अशुभ वाटते म्हणून तो आचार्यांकडे दुसरे नाव मागतो. आचार्य म्हणतात, फिरून ये आणि आवडेल ते नाव घेऊन ये. वाटेत त्याला प्रेतयात्रा दिसते. मेलेल्याचे नाव जीवक. पुढे मजुरी आणली नाही म्हणून मार खाणारी दासी दिसते. तिचे नाव धनपाली. त्यापुढे रस्ता चुकलेला माणूस भेटतो. त्याचे नाव पंथक. पापक परत येऊन सांगतो, मला माझेच नाव राहू द्या. नागसेनांनीही मिलिंद राजाला सुरुवातीलाच सांगितले आहे की नागसेन ही केवळ हाक मारण्यासाठीची खूण आहे.

जातक मला मान्य आहे, तरी ते वाचताना मला धोंडीबाची सून आठवते. पापकाला रस्त्यात कोणी 'ए पापक्या' म्हणून हिणवल्याचे गोष्टीत नाही. त्याची तक्रार त्याच्याच मनातील होती. आपल्या लोकांनी १९५६ नंतर नावे बदलली ती शब्द शुभ व्हावा म्हणून नाही. हाक बदलावी म्हणून बदलली. 'ए धोंड्या' म्हणण्याची सवय झालेल्या जिभेला 'सिद्धार्थ' उच्चारावे लागले. अर्थात काहींनी त्याचेही 'सिध्या' केले, हे मी लहानपणी ऐकलेले आहे. सोपाकाच्या बाबतीत संघानेच हाक बदलली होती. तेथे श्वपाक हा शब्द उरला आणि त्यातील डंख गेला. गावाने तसे केले असते तर आम्हालाही धोंडीबा चालला असता.

अर्थ तपासण्याची साधने आज खेड्यातही हाताशी आहेत. मराठी शब्दासाठी मोल्सवर्थचा कोश (दुसरी आवृत्ती १८५७) आणि दाते-कर्वे यांचा महाराष्ट्र शब्दकोश; संस्कृतासाठी आपटे किंवा मोनियर-विल्यम्स; पालीसाठी ऱ्हिस डेव्हिड्स आणि स्टीड यांचा कोश. शिकागो विद्यापीठाच्या संकेतस्थळावर मोल्सवर्थ, दाते-कर्वे, आपटे आणि पाली कोश फुकट उघडता येतात. पाली साहित्यातील व्यक्तींसाठी मलालसेकर यांचा विशेषनामांचा कोश आहे. त्यात कोणती व्यक्ती कोणत्या सुत्तात येते ते दिलेले असते. मोबाइल तोच, बोट तेच, फक्त दुसरीकडे टेकवायचे.

आता राहुलकडे येतो. नणंदेने वाचले ते निराधार नव्हते. जातकाच्या निदानकथेत असे येते की पुत्रजन्माची वार्ता ऐकून सिद्धार्थ म्हणाले, राहू जन्मला, बंधन जन्मले. आणि शुद्धोदनाने त्यावरूनच नातवाचे नाव राहुल ठेवले. दुसऱ्या एका बौद्ध परंपरेत मुलाचा जन्म चंद्रग्रहणाच्या वेळी झाला म्हणून राहुल, असे येते. राहू या शब्दाला 'ल' प्रत्यय लागला आहे, एवढे दोन्हींत समान. 'दुःखांवर विजय मिळवणारा' याला मात्र कोठेही आधार नाही. तो यादी करणाऱ्याचा आशीर्वाद आहे.

पण निदानकथा ही बुद्धांनंतर अनेक शतकांनी लिहिलेली आहे, आणि बंधनाची ती गोष्ट ज्या गृहत्यागाच्या कथेत बसते ती कथाच बाबासाहेबांनी नाकारली. त्यांच्या मांडणीत सिद्धार्थ मुलाला बंधन मानून रात्री पळून जात नाहीत. रोहिणी नदीच्या पाण्यावरून शाक्य-कोलियांत तंटा होतो, युद्धाला विरोध केल्याने देशत्याग पत्करावा लागतो, आणि यशोधरा जाणूनबुजून संमती देते. या मांडणीत राहुल बेडी ठरत नाही.

आणि राहुलच्या नावाचा सर्वांत जुना पुरावा कथेत नाहीच, तो दगडावर आहे. राजस्थानात बैराट येथे १८४० साली सापडलेली अशोकाची एक शिळा कोलकात्याच्या एशियाटिक सोसायटीत आहे. भिक्खू-भिक्खुणींनी आणि उपासक-उपासिकांनी कोणते धम्मपाठ वारंवार ऐकावेत याची यादी अशोकाने तिच्यावर कोरविली आहे. त्या यादीत खोटे बोलण्यासंबंधी भगवंतांनी राहुलला केलेला उपदेश आहे. मागधी वळणाने तेथे नाव 'लाघुल' असे लिहिले आहे. हा उपदेश मज्झिम निकायात आजही वाचता येतो. पाय धुतल्यावर भांड्यात उरलेले थोडे पाणी दाखवून तथागत लहानग्या राहुलला विचारतात, पाहिलेस किती थोडे उरले? ज्याला जाणूनबुजून खोटे बोलण्याची लाज नाही, त्याच्याजवळ श्रमणपण एवढेच उरते. मग ते भांडे पालथे घालतात.

हे सर्व मी शनिवारी फोनवर सांगितले. पलीकडे फोन मोठ्या आवाजावर ठेवलेला असावा, कारण मध्येच नणंदेचा आवाज आला, "पण सर, बेडी हा अर्थ आहेच ना?" मी म्हणालो, आहे, एका ग्रंथात आहे, लपवू नका. मुलगा मोठा झाल्यावर विचारील तेव्हा तोही सांगा आणि दगडावरचा लाघुलही सांगा. थोडा वेळ कोणी बोलले नाही. मग सासऱ्यांनी शिळा कोणत्या साली सापडली ते पुन्हा विचारून घेतले.

ती आणखी एक व्यवहाराची शंका विचारायला विसरली नाही: दाखल्यावर नाव कसे लिहायचे? पालकांसाठी येथे नोंदवून ठेवतो. १९६९ च्या कायद्याप्रमाणे जन्मनोंदणीत नावाची जागा कोरी राहिली असेल तर पहिल्या बारा महिन्यांत नाव विनाशुल्क भरता येते, नंतर पंधरा वर्षांपर्यंत शुल्क देऊन. १ ऑक्टोबर २०२३ नंतर जन्मलेल्या मुलांना शाळाप्रवेशापासून पुढे जन्मदाखलाच मुख्य पुरावा आहे. म्हणून घाईत चुकीचे नाव भरण्यापेक्षा आठवडा थांबावे. नागरी आणि रोमन दोन्ही लिप्यांतील अक्षरे स्वतः कागदावर लिहून न्यावीत. 'प्रज्ञा' हे नाव रोमन लिपीत मराठी माणूस 'डी एन वाय' घालून लिहितो आणि हिंदी भाषक 'जी वाय' घालून. एकाच मुलीच्या दोन कागदांवर दोन प्रज्ञा झाल्या की दहावीच्या वर्षी पालक राजपत्राच्या फेऱ्या मारीत बसतात.

आणि १ मे २०२४ पासून जन्मलेल्या मुलांच्या नावापुढे महाराष्ट्रात आधी आईचे नाव, मग वडिलांचे, मग आडनाव असा क्रम शासनाने ठरविला आहे. सारिपुत्त म्हणजे सारीचा पुत्र आणि गौतमीपुत्र सातकर्णी, हे ज्यांच्या अभ्यासात आहे त्यांना त्यात नवे वाटायचे कारण नाही. पाली ग्रंथांत यशोधरेचा उल्लेख बहुधा 'राहुलमाता' असा येतो. मुलाच्या नावाने आई ओळखली जाते. त्या रविवारी नाव राहुलच ठेवले गेले. महिन्याभराने मोबाइलवर जन्मदाखल्याचा फोटो आला, त्यात राहुल या नावाच्या लगेच पुढे माझ्या विद्यार्थिनीचे नाव होते.